डोंगराच्या दाव्यात तिसरं माणूस

कृष्णात पिसाळांच्या नव्या घराच्या स्लॅबला तडा गेला तो मंगळवारी सकाळी नऊ वाजून बत्तीस मिनिटांनी. वेळ इतकी नेमकी सांगता येते, कारण अठ्ठावीस वर्षं एस.टी.त कंट्रोलर म्हणून काढलेल्या माणसाला कुठलीही गोष्ट वेळेशिवाय आठवत नाही. स्वतःचं लग्नसुद्धा त्यांच्या लेखी 'सात मिनिटं लेट' लागलं होतं. तडा गेला ते साल अठ्ठ्याहत्तर. रिटायर होऊन आठ महिने झाले होते आणि नांदशिंगे गावात, डोंगराच्या पायथ्याला, दोन खोल्या, पडवी आणि वर सिमेंटचा स्लॅब असं घर बांधून ते नुकते राहायला आले होते. गावात स्लॅबचं घर ते एकच. ही गोष्ट कृष्णातराव कधी बोलून दाखवत नसत, पण पाहुण्याला गच्चीवर नेल्याशिवाय चहाही देत नसत.

त्या घटकेला ते पडवीत बसले होते. डोंगरावर आवाज झाला, जमीन कुशीवर वळल्यासारखी हलली आणि छताचा एक पोपडा अलगद त्यांच्या कपात उतरला. आत विजयमालाबाईंनी तीन वर्षं मुरवलेली लिंबाच्या लोणच्याची बरणी फळीवरून निघाली ती थेट फरशीवर. कृष्णातरावांनी वर पाहिलं. देवळीपासून स्वयंपाकघराच्या दारापर्यंत एक काळी रेघ गेली होती, मध्ये एकही थांबा न घेता. विजयमालाबाई खाली पाहत होत्या. दोघांनाही आपापल्या दुःखापुढं दुसऱ्याचं दिसेना.

तडा बघायला गाव लोटला. जो येई तो आधी चपला काढी, मग मान वर करून बराच वेळ उभा राही, आणि मग जमिनीवरच्या लोणच्याच्या डागाकडे बघून हळहळे. एकानं तड्यात गुळाचं पाणी आणि चुना भरायला सांगितलं. दुसऱ्याचं मत पडलं, की दार दक्षिणेला आहे, आज ना उद्या हे व्हायचंच होतं. तिसरा म्हणाला, पत्र्याला तडा जात नाही. हे वाक्य तो तीनदा म्हणाला, आणि त्याच्या स्वतःच्या घरावर पत्रा होता. कृष्णातराव सगळ्यांना चहा पाजत होते. घर फुटलेल्या माणसाला लोकांना चहा का पाजावा लागतो, हे कोडं त्यांना त्या दिवसापासून सुटलेलं नाही.

दुपारी टोपी घालून ते डोंगरावर गेले. तिथं खडीच्या दोन खाणी चालत. पश्चिम अंगाला कराडकडचे सयाजीराव, उसाचे बागायतदार. पूर्व अंगाला त्यांचा सख्खा मेहुणा गुंडा, जो पंधरा वर्षं मद्रासेला सोनं गाळून परत आला होता आणि आता दगड फोडत होता. सयाजीरावांनी खुर्ची दिली, विचारपूस केली आणि सांगितलं, की मंगळवारचे सुरुंग गुंडाचे असतात. कृष्णातराव डोंगराला वळसा घालून पूर्वेला गेले. गुंडानंही खुर्ची दिली. म्हणाला, आपण दहाच्या आत वातीला काडीच लावत नाही. साडेनऊ म्हणजे दाजींचाच. कृष्णातरावांनी नऊ बत्तीस अशी दुरुस्ती केली. तेवढा एक मुद्दा मान्य झाला. तडा मात्र कुणाचाच नव्हता. संध्याकाळी घरी येऊन ते पलंगावर पडले आणि त्या बेवारस रेघेकडे बघत राहिले.

खरी गोष्ट दुसऱ्या दिवशी भाऊसोंकडून कळली. भाऊसो म्हणजे शेजारी. हातभर बांधासाठी एकवीस वर्षं दावा चालवून ते हरले होते, त्यामुळं कायद्यात गावात त्यांचा शब्द शेवटचा. त्यांनी सांगितलं ते असं: डोंगराचा खाणपट्टा सरकारनं सयाजीरावांच्या नावानं दिलेला, सुरुंगाचं लायसन गुंडाच्या नावानं. पहिली दोन वर्षं मेहुणे मेहुणे गुण्यागोविंदानं डोंगर खात होते. मग एका जावळाच्या जेवणात मानपानावरून बिनसलं, आणि खाण नेमकी कुणाची म्हणून सयाजीरावांनी कोर्टात दावा लावला. दाव्याला चौदा महिने झाले. निकाल लागेपर्यंत समोरच्याच्या हाती जितका कमी डोंगर लागेल तितकं बरं, अशा हिशेबानं दोघांनीही सुरुंग दुप्पट केले होते.

"कंट्रोलर, तुमी त्यांच्या दाव्यातच शिरा," भाऊसो म्हणाले. "तिसरा पक्षकार व्हा. दोघं भांडत्यात तितं मदी हुबं ऱ्हायलं की दोघास्नीबी बोलायला लागतंय."

'मध्ये उभं राहणे' या कामात कृष्णातरावांची उभी हयात गेली होती. बसमध्ये कोण चढेल, कोण उतरेल, हे ठरवणाऱ्या माणसाला एका दाव्यात चढायला कितीसा वेळ लागणार, असं त्यांना वाटलं. इस्त्रीचा शर्ट घालून ते तालुक्याला निघाले.

वकील मिळाले औंधकर. वय सत्तरीला टेकलेलं. औंध संस्थान विलीन होऊन तीस वर्षं झाली तरी त्यांच्या बोलण्यात ते अजून चालू होतं. "आमच्या संस्थानात हा तंटा झाडाखाली बसून अर्ध्या दिवसात मिटला असता," असं त्यांनी पहिल्याच भेटीत सांगितलं, आणि मग पुढं तास दीड तास घेऊन इथं तो का मिटणार नाही तेही सांगितलं. दाव्यात नवा माणूस घ्यायचा की नाही हे कोर्ट ठरवतं. ज्याच्यावाचून दाव्याचा नीट निकालच होऊ शकत नाही, तो आवश्यक पक्षकार. त्याला घ्यावंच लागतं. बाकीचे सगळे त्रयस्थ. कृष्णातरावांनी छाती पुढं काढून विचारलं, की आपण आवश्यकच ना? वकिलांनी चष्मा पुसला आणि अर्ज करून बघू म्हणाले.

अर्ज टाइप झाला कोर्टासमोरच्या चिंचेखाली. टायपिस्टकडं नमुन्याचे जुने कागद असत. त्यातला एक समोर ठेवून तो नावं तेवढी बदलत गेला. कृष्णातरावांनी अर्ज दोनदा वाचला, पण सवयीनं फक्त तारखा आणि वेळा तपासल्या. त्यामुळं पहिल्या तारखेला न्यायाधीशांनी अर्ज हातात घेतला, एकदा वाचला, पुन्हा वाचला आणि विचारलं, की अर्जदार मयत आहेत असं इथं लिहिलंय, मग त्यांचे वारस कुठं आहेत?

"साहेब," कृष्णातराव म्हणाले, "मी हुबा हाय."

ते दिसतं आहे, पण कागदावर दुरुस्ती करून आणा, असं सांगून साहेबांनी पुढची तारीख दिली. जिवंत असल्याचं प्रतिज्ञापत्र करायला दोन साक्षीदार लागले. एक भाऊसो झाले. सही करताना ते म्हणाले, की माझ्या माहितीप्रमाणं, एवढं मधे घाला. उद्या कशाला भानगड.

दुसऱ्या तारखेला मात्र काहीतरी ऐतिहासिक घडलं. दावा लागल्यापासून एकमेकांचं तोंड न बघणारे दोन्हीकडचे वकील एका मतानं उभे राहिले. सयाजीरावांचे वकील म्हणाले, हा गृहस्थ त्रयस्थ आहे. गुंडाचे वकील म्हणाले, आजपर्यंत माझ्या विद्वान मित्राचं एकही वाक्य मला पटलं नव्हतं, हे पटलं. खाली बाकावर बसलेल्या मेहुण्यांनीही एकमेकांकडे बघून मान हलवली. दोन घरं जोडायला निघाल्यासारखे कृष्णातराव मध्ये उभे होते.

न्यायाधीश तरुण होते, पण घाईचे नव्हते. त्यांनी सरळ विचारलं, "हा वाद डोंगरातला दगड कुणी काढायचा याचा आहे. तुम्हाला दगड काढायचा आहे का?"

"न्हाई साहेब. तो तितंच ऱ्हावा, एवढंच म्हणणं हाय."

कोर्ट हसलं. साहेब हसले नाहीत. ते म्हणाले, तसं म्हणण्याचा तुमचा हक्क काय, ते दाखवा. घराचं नुकसान झालं असेल तर ज्यानं केलं त्याच्यावर वेगळा दावा लावा. या दाव्यात यायचं तर त्या डोंगराशी काही संबंध हवा. पायथ्याशी राहणं हा संबंध होत नाही. आणि त्यांनी एक महिन्याची मुदत दिली. वेगळा दावा लावायचा तर तड्याचा धनी कोण हे आधी ठरायला हवं, आणि ते ठरायला या दाव्यात शिरायला हवं, हे कृष्णातरावांना सांगायचं होतं. पण तोवर पट्टेवाल्यानं पुढचं प्रकरण पुकारलं होतं.

बाहेर चिंचेखाली सयाजीराव चारचौघांत उभे होते. त्यांनी हसत हसत हाक मारली. "कंट्रोलर, ही गाडी तुमची न्हवं. पल्याडच्या फलाटावर बघा."

हेच वाक्य कृष्णातरावांनी अठ्ठावीस वर्षांत किती हजार माणसांना सांगितलं असेल! पोरं काखेत घेतलेल्या बायका, ट्रंका डोक्यावर घेतलेले रजेवरचे जवान, म्हातारे. ते ऐकून माणसाला काय वाटतं हे त्यांना पहिल्यांदा कळलं. ते थेट गाडीत जाऊन बसले. उतरल्यावर त्यांच्या लक्षात आलं, की गाडी किती वाजता सुटली हे आपण बघितलंच नाही.

विजयमालाबाई या सगळ्याच्या विरोधात होत्या. सिमेंट भरून घ्या आणि गप बसा, असं त्या पहिल्यापासून म्हणत होत्या. पण फलाटाची गोष्ट ऐकल्यावर त्यांनी हातातलं सूप खाली ठेवलं.

"आसं म्हनला? चारचौघांत?" त्यांनी विचारलं. मग जरा वेळानं म्हणाल्या, "आता मागं फिरायचं न्हाई. डोंगराशी काय तरी संबंध काढा."

संबंध काढायला कृष्णातराव तलाठ्याकडं गेले. तलाठी भला माणूस होता. तिसऱ्या खेपेला भेटला आणि दप्तर उघडलं. डोंगर सरकारी, गायरान. खाणपट्टा दिला असला तरी इतर हक्काच्या रकान्यात एक जुनी ओळ तशीच होती: गावच्या जनावरांची चराई. कृष्णातरावांनी ती ओळ नकलून घेतली आणि धावत भाऊसोंना दाखवली. भाऊसोंनी ती तिरकी धरून वाचली. हक्क चांगला आहे म्हणाले, फक्त जनावर पाहिजे.

म्हणून पुढच्या बाजारी कृष्णातरावांनी शेळी घेतली. निवड भाऊसोंची. शेळी दिसायला देखणी होती, पण कराडच्या एका हॉटेलमागं वाढलेली निघाली. चहाचा चोथा आणि भज्यांचा कागद यापलीकडं तिला जग माहीत नव्हतं. गवत दाखवलं की ती तोंड वळवायची. रोज सकाळी कृष्णातराव टोपी, कोट आणि पंप शू घालून निघत, कारण चराईचा हक्क बजावताना बघणाऱ्याला आपण गुराखी वाटू नये अशी त्यांची काळजी. पुढं ते, मागं ताणलेलं दावं, त्याच्या टोकाला चारी पाय रोवलेली शेळी. माळावरून जाणारे लोक थांबून बघत. हक्क सिद्ध होण्यासाठी कुणीतरी बघणं गरजेचंच होतं, असं कृष्णातराव मनाला समजावत.

डोंगराच्या निम्म्यावर तळ्यापाशी भामाबाई बसलेली असायची. धनगराची विधवा, साठीची. तिचे दीर बिराप्पा मोठा कळप घेऊन नदीकाठाकडे गेलेले. तिच्याजवळ चाळीसएक मेंढरं. तीन दिवस ती हा छबिना नुसता बघत होती. चौथ्या दिवशी शेळीनं कृष्णातरावांना फरफटत तळ्यापर्यंत आणलं, तेव्हा तिनं विचारलं, "आवं कंट्रोलर, तुमी तिला चारताय का ती तुमाला?"

कृष्णातराव दगडावर बसले. पंप शूमधली खडी काढता काढता त्यांनी तडा, लोणचं, अर्ज, मयत आणि फलाट हे सगळं सांगून टाकलं. भामाबाई मयतापाशी फार हसली. फलाटापाशी हसली नाही. मग तिनं काठीनं तळं दाखवलं. निम्मं तळं खाणीच्या पांढऱ्या भुकटीनं भरलं होतं. उरलेलं पाणी दुधासारखं. मेंढरं पिऊन खोकत होती. दोन गाभडली होती, पिल्लं पोटातच गेली होती. वर बिरोबाचं ठाणं, शेंदूर लावलेला एकच धोंडा. त्याच्यापासून वीस पावलांवर खडकावर चुन्याच्या नव्या खुणा मारलेल्या होत्या. पुढची सुरुंगाची भोकं तिथं पडणार होती. "आमाला कुनी इचारलं न्हाई," ती म्हणाली. तक्रार अशी नाही, नुसती माहिती दिल्यासारखी.

कृष्णातराव त्या खुणांकडे बघत राहिले. आपल्या छतावरची रेघ त्यांना जरा आखूड वाटू लागली. त्यांनी चराईची ओळ वाचून दाखवली. भामाबाई म्हणाली, असले कागद माझ्या सासऱ्याकडंही होते. पालावर नेऊन तिनं पत्र्याची डबी उघडली. आत भंडाऱ्यात मुरलेल्या, पिवळ्या पडलेल्या पावत्या: चराईचा फाळा भरल्याच्या, ओळीनं बावीस वर्षांच्या, आणि प्रत्येकीवर औंध संस्थानचा शिक्का.

तो शिक्का बघून औंधकर वकिलांनी चष्मा काढला आणि बराच वेळ घातलाच नाही. नांदशिंगे त्या काळी संस्थानातलं गाव. "ही माझ्या थोरल्या बंधूंची सही," ते एका पावतीवर बोट ठेवून म्हणाले. मग त्यांचा आवाज वकिलाचा झाला. हा खरा हक्क. पिढीजात, कागदोपत्री, आणि आजही चालू. या बाईला वगळून डोंगराचा निकाल होऊच शकत नाही. आवश्यक पक्षकार तीच. कृष्णातरावांनी विचारलं, की मग मी? वकील म्हणाले, तुमचाही अर्ज राहू द्या, असला तर बिघडत नाही.

'असला तर बिघडत नाही.' परतीच्या गाडीत हे शब्द त्यांच्या शेजारच्या सीटवर बसून आले. इतके हेलपाटे घातले, टोपी घालून शेळी ओढली, आणि दाव्यात जाणार दुसरंच कुणी. त्यांना वाईट वाटलं हे लपवण्यात अर्थ नाही. ते पूर्ण आठ थांबे वाईट वाटून घेत होते. नवव्या थांब्यावर त्यांना चुन्याच्या खुणा आठवल्या, आणि घरी न जाता ते तसेच डोंगर चढले.

भामाबाई सहजी तयार झाली नाही. कोर्टात काय बोलायचं हा प्रश्न तिला पडलाच नव्हता. मेंढरं कुठं ठेवायची हा होता. बिराप्पा नाहीत, शेजारी कुणी नाही. तिनं एकच अट घातली: आले तर मेंढरांसकट येईन. कृष्णातरावांनी ती मान्य केली आणि औंधकरांनी तिचाही अर्ज दिला. तालुक्याचं गाव चौदा किलोमीटर. तारखेच्या दिवशी पहाट फुटताच ते कळपाबरोबर निघाले. शेळीही एव्हाना मेंढरांत मिसळून गवत खायला शिकली होती. डांबरी सडकेवर समोरून एस.टी. आली. कृष्णातरावांनी रस्त्याच्या मध्ये उभं राहून हात वर केला. ड्रायव्हरनं करकचून गाडी थांबवली, शिवी द्यायला मान बाहेर काढली, ओळखलं आणि सलाम ठोकला. चाळीस मेंढरं आणि एक शेळी पलीकडे जाईपर्यंत गाडी सहा मिनिटं थांबली. सेवेत असताना त्यांनी याबद्दल कुणालाही मेमो दिला असता.

कोर्टाच्या आवारात मेंदीचं कुंपण होतं. म्हणजे सकाळी होतं. पुकारा झाला तेव्हा त्याच्या काड्या शिल्लक होत्या. खिडकीतून आत बेंबें ऐकू येत होतं. दोन्ही वकील पुन्हा एकमतानं उठले. ही बाई त्रयस्थ आहे, खाणकामाशी तिचा संबंध नाही, हा दोन व्यापाऱ्यांमधला वाद आहे. औंधकरांनी पावत्या पुढं केल्या. साहेबांनी त्या एकेक करून पाहिल्या. मग विचारलं, की पावत्या जुन्या आहेत. आजही तिथं जनावरं चरतात याला पुरावा काय?

भामाबाईनं खिडकीकडं बोट केलं. "त्ये काय."

साहेब उठून खिडकीपाशी गेले. कुंपणाच्या जागेकडं त्यांनी बराच वेळ पाहिलं. परत येऊन बसले आणि सावकाश हुकूम सांगितला. डोंगरावर कुणाचा हक्क किती, हे ठरवताना तिथं आधीपासून असणाऱ्याला बाहेर ठेवता येणार नाही. भामाबाईला प्रतिवादी नंबर दोन म्हणून दाव्यात घ्यावं. निकाल होईतो दोन्ही खाणींतले सुरुंग बंद. आणि कृष्णात पिसाळ यांचा अर्ज नामंजूर. त्यांच्या घराच्या तड्यासाठी त्यांना वेगळा दावा लावण्याची मुभा आहे.

कृष्णातरावांनी शेवटचं वाक्य उभ्यानं ऐकलं. मग मागच्या बाकावर जाऊन बसले आणि त्या दिवसापासून प्रत्येक तारखेला तिथंच बसले. पट्टेवाल्यानं एकदा विचारलं, तुमचं कुठलं प्रकरण? त्यांनी सांगितलं, कोर्ट सगळ्यांसाठी उघडं असतं, आणि बाकावर रुमाल टाकून जागा पक्की केली.

सुरुंग थांबले तसे मेहुणे जवळ आले. दगड निघत नसताना तो कुणाचा यावर भांडायला दोघांनाही हुरूप राहिला नाही. महिन्याभरात एका बारशाला त्यांनी एका ताटात जेवण केलं असं गावात कळलं, आणि दुसऱ्या दिवशी सयाजीरावांची जीप कृष्णातरावांच्या दारात आली. दोघंही उतरले. सयाजीरावांचं बोलणं गोड होतं. तडा आमच्याच चुकीनं गेला असेल, म्हणाले. अख्खा स्लॅब नवा घालून देतो, वर वहिनींना चिनी मातीच्या बरण्या. फक्त म्हातारीला समजवा. तुमचं ऐकते ती.

कृष्णातरावांनी वर रेघेकडं पाहिलं. खोटं कशाला, ते क्षणभर विचारात पडले. नवा स्लॅब त्यांना दिसलासुद्धा. तोंड उघडणार तोच स्वयंपाकघरातून विजयमालाबाई बाहेर आल्या.

"बरनी मी माजी इकत आनीन," त्या म्हणाल्या. "तुमी निगा."

मेहुणे निघाले. कृष्णातरावांना आपणही हेच बोलणार होतो असं वाटलं, आणि पुढं सांगताना ते हे वाक्य बऱ्याचदा स्वतःच्या नावावर सांगत. विजयमालाबाईंनी हरकत घेतली नाही.

पुढच्या तारखेला सयाजीरावांच्या वकिलांनी अर्ज दिला: वादी आणि प्रतिवादी नंबर एक यांचं घरात मिटलं आहे, सबब वादी दावा मागं घेत आहे. मेहुणे खुशीत होते. दावाच नाही तर मनाईहुकूम कसला? दावा संपला की दुसऱ्या दिवशी सुरुंग चालू. भोकं पाडणारी माणसं डोंगरावर बोलावलेलीसुद्धा होती. हे असं होऊ शकतं, हे कृष्णातरावांच्या डोक्यातच आलं नव्हतं. त्यांनी औंधकरांकडे बघितलं. औंधकर डुलकी घेत असावेत असं वाटत होतं.

ते सावकाश उठले. म्हणाले, वादीनं दावा खुशाल मागं घ्यावा, आमची हरकत नाही. पण प्रतिवादी नंबर दोनने आपल्या कैफियतीबरोबर, म्हणजे लेखी उत्तराबरोबर, प्रतिदावा दिला आहे. चराईचा हक्क कायम करावा आणि तळं व ठाणं यांच्या आसपास खाणकामाला कायमची मनाई असावी, अशी मागणी आहे. परवाच कायदा बदलला, त्यात ही सोय झाली. दावा गेला तरी प्रतिदावा जात नाही. तो मागं घ्यायचा की नाही, हे ज्याचं त्यानं ठरवायचं. इतकं बोलून ते खाली बसले. संस्थानाचा उल्लेख त्यांनी त्या दिवशी केला नाही.

दोन्ही वकील पुस्तकं चाळू लागले. साहेबांनी भामाबाईला पुढं बोलावलं.

"या दोघांचं मिटलं आहे. तुमचं काय?"

"माजं त्यांच्याशी भांडान न्हवतंच, साहेब. ते दगूड कुनाचा म्हनत व्हते. मी म्हनते, डोंगार हाय तसा ऱ्हाऊ द्या."

"म्हणजे प्रतिदावा चालवायचा?"

"चालवायचा."

साहेबांनी तसं लिहून घेतलं. दावा निकाली, प्रतिदावा पुढं चालू, तोवर सुरुंग बंद. पुढची तारीख दीड महिन्यानं.

बाहेर कुंपणाच्या काड्यांना पुन्हा पालवी आलेली होती, ती मेंढरांनी तेवढ्यात उरकली होती. सयाजीराव जीपमध्ये बसले होते. त्यांनी भामाबाईला हाक मारून विचारलं, की म्हातारे, असा किती दिवस चालवशील हा दावा? आमच्याकडं वकील हायत, गाड्या हायत. तुज्याकडं काय हाय?

भामाबाईनं घोंगडी खांद्यावर घेतली, काठी उचलली आणि वळून उत्तर दिलं.

"माजी मेंढरं चालत्यात तवर."

मग तिनं तोंडानं आवाज काढला आणि कळप फाटकातून निघाला. जीपनं भोंगा वाजवला. मेंढरांना भोंगा नवा होता, ती थांबून बघू लागली. कृष्णातराव मागं उभे राहून एकेक पुढं हाकत होते. सगळ्यात शेवटी एक लंगडं कोकरू होतं. ते वाटेत दोनदा बसलं. त्याला कुणी उचललं नाही आणि घाईही केली नाही, आणि ते आपल्या पायानं रस्त्यावर येईपर्यंत जीप जागच्या जागी उभी राहिली.